ऐरण

आयोवातल्या मक्याकडे पाठ करून
नदीच्या वळणावर तो खडक उभा आहे :
कंबर बारीक, वर आडवं सपाट डोकं, एका अंगाला शिंग.
वस्तीतल्या पहिल्या लोहाराने पाहिला असेल, तेव्हापासून ऐरण.
त्याआधीचे लोक काय म्हणायचे
ते उद्यानाच्या पाटीवर लिहिलेलं नाही.
टाकी नाही, घण नाही. नुसतं पाणी
टेकून टेकून गेलेलं, इतकी वर्षं
की पाटीवरची शून्यं पोरं बोटाने मोजतात आणि चुकतात.

माझं काम नावं पुसायचं.

हंगाम संपतो, हातपंप बंद होतात,
चौदा नंबरच्या तंबूजागेवरची राख उपसून झाली
की ऑक्टोबरात मी शिडी लावतो.
बादलीत ऐरणीचीच वाळू, तिच्याच पायाशी गळलेली,
थोडा चुना, आणि ताक.
ताकाने शेवाळ धरतं. हे मला ओडेगार्डबाईंनी शिकवलं,
त्यांना त्यांच्या आधीच्या माणसाने.

टायलर. ब्रिआना. पुन्हा टायलर, हा वेगळा.
कुणाचा बदाम, त्यातला बाण अर्ध्यावर सोडलेला :
ती नको म्हणाली असेल,
किंवा चाकू मोडला.
थापीने भरतो, ओल्या फडक्याने टिपतो.
दोन हिवाळे गेले की दगडालाही आठवत नाही.

कामावरच्या दुसऱ्याच वर्षी, शिंगाच्या खाली,
पाकोळ्यांच्या रिकाम्या मातीच्या घरट्यांमागे
हे सापडलं :
वर्ना, ई. के., १९५७.
वर्नाच्या शेवटच्या अक्षराला लांब शेपूट.

ते शेपूट मी ओळखतो.
माझ्या सगळ्या प्रगतिपुस्तकांवर ते होतं,
वाण्याच्या यादीवर,
फ्रीजच्या वॉरंटीच्या कागदावरसुद्धा.
माझ्या वडिलांचं नाव हार्लन.

जमिनीपासून नऊ फूट. मी टेप लावून पाहिली.
अक्षर तिचं.
म्हणजे खांदे त्याचे.

रविवारी केक घेऊन गेलो. वृद्धाश्रमातली तिची खिडकी
गाड्या लावतात त्या बाजूला.
विचारलं, लग्नाआधी कधी ऐरणीवर गेली होतीस?
तिने काटा केकमध्ये रोवून तसाच ठेवला.
म्हणाली, एका वर्षी नदी फार उतरली होती,
मधल्या वाळूपर्यंत चालत जाता यायचं.
बुटं हातात घेऊन.
मग म्हणाली, साखर कमी पडलीय ह्यात.

वडिलांनी मला गळ टाकायला शिकवलं
ते ह्याच वळणावर.
डबा उघडायचे, किडा लावून द्यायचे,
आणि ऐरणीकडे पाठ करून बसायचे.
ऊन डोळ्यांवर येतं, म्हणायचे.
आम्ही संध्याकाळी यायचो. ऊन मक्याच्या बाजूला असायचं,
थेट त्यांच्या तोंडावर.
हे मला आत्ता, शिडीवर, सुचतंय.

यंदा ओडेगार्डबाईंची निवृत्ती.
जाण्याआधी सगळी नोंद चोख हवी त्यांना :
कुठलं नाव, किती उंचीवर, भरलं की नाही.
एकेचाळीस भरली.
बाई खालून टोपी सावरत विचारतात,
घरट्यांमागे काही आहे का?
आहे, म्हणालो. पण अक्षरं लागत नाहीत.
त्यांनी तसंच लिहून घेतलं,
क्षणभर वर बघितलं,
चष्मा पुसला,
आणि पुढचं पान उलटलं.

थोडं ताक उरलं बादलीत.
ते मी नावांना लावलं नाही,
त्यांच्या हातभर खाली,
कोऱ्या दगडावर फासलं.
शेवाळाला वाटलं
तर चढेल आपलं आपण.